मास्टर विनायक : एका हास्यचित्रपटकाराचे जीवन आणि त्याचा काळ

मराठी साहित्याच्या इतिहासग्रंथांत मामा वरेरकर, वि. स. खांडेकर, प्र. के. अत्रे आणि चिं. वि. जोशी या चौघांना स्वतंत्र प्रकरणे किंवा निदान स्वतंत्र परिच्छेद लाभलेले आहेत. वरेरकर हे सामाजिक नाटकाचे, खांडेकर ध्येयवादी कादंबरीचे, अत्रे विडंबनाचे आणि जोशी मध्यमवर्गीय विनोदाचे प्रतिनिधी मानले जातात. परस्परांहून इतक्या भिन्न प्रकृतीच्या या चार लेखकांना एकत्र आणणारी एक गोष्ट मात्र या ग्रंथांत सहसा नोंदली जात नाही. १९३५ ते १९४२ या सात-आठ वर्षांत या चौघांच्याही कथा एकाच दिग्दर्शकाने पडद्यावर आणल्या. तो दिग्दर्शक म्हणजे विनायक दामोदर कर्नाटकी, ऊर्फ मास्टर विनायक. त्यांचे आयुष्य अवघे एकेचाळीस वर्षांचे. त्यातही दिग्दर्शक म्हणून त्यांना जेमतेम बारा वर्षे मिळाली. तथापि आधुनिक होऊ पाहणाऱ्या मराठी तरुणाची प्रेमातील अडखळ, त्याचे बावळटपण आणि त्याचा भाबडेपणा यांना भारतीय चित्रपटात ज्यांनी प्रथम ठसठशीत रूप दिले, त्यांत विनायकांचे स्थान अग्रभागी आहे.

विनायकांचा जन्म १९ जानेवारी १९०६ रोजी कोल्हापूर येथे झाला. ज्या घरात ते वाढले, ते घर पुढे मराठी चित्रपटाचे जणू एक गोत्रच ठरले. बाबूराव पेंढारकर आणि भालजी पेंढारकर हे त्यांचे सावत्र बंधू, छायालेखक वासुदेव कर्नाटकी हे सख्खे बंधू, आणि व्ही. शांताराम हे मावसभाऊ. असे असले, तरी केवळ नात्यागोत्यांनी कलावंत घडत नाही. त्यामागे कोल्हापूर या नगराचे विशिष्ट वातावरण होते. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीने तेथे मूकपटाची परंपरा निर्माण केली होती. १९२० मधील ‘सैरंध्री’ हे तिचे पहिले मोठे फळ. याच कंपनीत तयार झालेल्या मंडळींनी १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनीची स्थापना केली. रंगकाम, सुतारकाम, कुस्ती, नाटक आणि गायन या सर्वांना राजाश्रय असलेल्या या गावात चित्रपट हा धंदा कारागिरीच्या अंगाने वाढला, ही गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे.

कोल्हापूरचा हा वारसा मराठीपुरता मर्यादित राहिला नाही. कन्नडमधील पहिला बोलपट मानला जाणारा ‘सती सुलोचना’ हा १९३४ च्या मार्च महिन्यात बेंगळुरूमध्ये प्रदर्शित झाला. पण त्याचे चित्रीकरण झाले होते कोल्हापूरच्या छत्रपती सिनेटोनमध्ये. म्हैसूर संस्थानातील नाटकमंडळ्यांचे नट कोल्हापुरात येऊन आपल्या भाषेचा पहिला बोलपट करतात आणि तो घेऊन बेंगळुरूला परततात, ही घटना दोन भाषांमधील तत्कालीन कलाव्यवहाराची खूण आहे. ज्या वर्षी हे घडले, त्याच सुमारास त्याच गावात विनायक दिग्दर्शनाच्या उंबरठ्यावर उभे होते.

विनायकांच्या चित्रपटजीवनाचा आरंभ नट म्हणून झाला. प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’ (१९३२) या आज उपलब्ध असलेल्या सर्वांत जुन्या मराठी बोलपटात त्यांनी नारदाची भूमिका केली. त्याच वर्षीच्या ‘माया मच्छिंद्र’मध्ये ते गोरखनाथ झाले. गोरखनाथाची ही भूमिका पुढील घटनांच्या संदर्भात लक्षणीय वाटते. स्त्रीराज्यात गुंतून पडलेल्या गुरूला जागे करणारा निःसंग शिष्य ज्याने गांभीर्याने रंगविला, त्याच नटाने सहा वर्षांनी ब्रह्मचर्याचा पण करून तो मोडणाऱ्या तरुणाची भूमिका हसत हसत केली. पौराणिक वैराग्य आणि आधुनिक तरुणाचे उसने वैराग्य या दोहोंमधील अंतर हाच पुढे त्यांच्या विनोदाचा विषय झाला.

१९३३ मध्ये प्रभात कंपनी पुण्यास गेली. कोल्हापुरात मागे राहिलेल्या कलावंतांसाठी राजघराण्याच्या आश्रयाने कोल्हापूर सिनेटोन ही संस्था उभी राहिली. तिच्यासाठी विनायकांनी १९३५ मध्ये ‘विलासी ईश्वर’ हा आपला पहिला चित्रपट दिग्दर्शित केला. कथा मामा वरेरकरांची होती, आणि शोभना समर्थ या अभिनेत्रीचे पडद्यावरील पदार्पण याच चित्रपटातून झाले. देवादिकांच्या कथा सोडून समकालीन समाजाकडे वळण्याचा विनायकांचा कल येथे प्रथम स्पष्ट झाला. प्रसिद्ध लेखकाकडून मुद्दाम चित्रपटासाठी कथा लिहवून घ्यावयाची, हा त्यांचा पुढील शिरस्ताही येथेच पडला.

१९३६ मध्ये विनायक, बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक या तिघांनी हंस पिक्चर्सची स्थापना केली. हंसचा पहिला चित्रपट ‘छाया’ खांडेकरांच्या कथेवर आधारलेला होता. दारिद्र्यातून घडलेला गुन्हा आणि त्याची पिढीवर पडणारी काळी सावली असा त्याचा आशय होता. यानंतर १९३७ मध्ये अत्र्यांच्या लेखणीतून ‘धर्मवीर’ आणि ‘प्रेमवीर’ हे दोन चित्रपट आले. त्यांपैकी ‘धर्मवीर’चा आधार इब्सेनच्या ‘समाजाचे आधारस्तंभ’ या नाटकात होता. खांडेकरांचा कारुण्यप्रधान ध्येयवाद आणि अत्र्यांचा खट्याळ उपहास असे दोन प्रवाह हंसच्या आरंभापासूनच शेजारी शेजारी वाहू लागले. या दोहोंपैकी एकाची निवड करणे विनायकांना आयुष्यभर जमले नाही, किंवा त्यांना ती करावीशी वाटली नाही, असे म्हणणे अधिक रास्त होईल.

१९३८ हे वर्ष या दृष्टीने निर्णायक ठरले. खांडेकरांच्या कथेवरील ‘ज्वाला’ हा भव्य, खर्चिक चित्रपट हंसने मोठ्या उमेदीने काढला. चंद्रमोहनसारखा नामवंत नट त्यात होता. पण तो चालला नाही आणि संस्था अडचणीत आली. त्याच वर्षी अत्र्यांच्या कथेवर काढलेल्या ‘ब्रह्मचारी’ या साध्यासुध्या हास्यपटाने प्रेक्षकांची मने जिंकली आणि संस्थेला सावरले. मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत तो निघाला होता.

‘ब्रह्मचारी’ची कथा थोडक्यात सांगता येते. औदुंबर हा एक सामान्य तरुण. नटींची चित्रे जमविण्याचा त्याला छंद. देशभक्त जटाशंकर यांचे ब्रह्मचर्यावरील व्याख्यान ऐकून तो भारावतो, भिंतीवरील चित्रे फेकून देतो, व्यायामास लागतो आणि देशसेवेसाठी अविवाहित राहण्याचा निश्चय करून एका आश्रमवजा संस्थेत दाखल होतो. तेथे किशोरी नावाची तरुणी त्याच्या आयुष्यात येते आणि हा निश्चय हळूहळू ढासळू लागतो. औदुंबराची भूमिका स्वतः विनायकांनी केली आणि किशोरीची मीनाक्षी शिरोडकर यांनी. संगीत दादा चांदेकरांचे होते.

या कथेतील विनोदाचे मर्म समजण्यासाठी तिचा सामाजिक संदर्भ लक्षात घेणे आवश्यक आहे. १९२९ च्या शारदा कायद्याने मुलीच्या विवाहाचे किमान वय चौदा आणि मुलाचे अठरा ठरविले. शिक्षणाच्या प्रसारामुळे शहरी मध्यमवर्गात ते प्रत्यक्षात आणखी वाढत चालले होते. परिणामी, अविवाहित आणि सुशिक्षित अशी वयात आलेली तरुणी मराठी समाजात प्रथमच मोठ्या संख्येने दिसू लागली. तिच्याशी बोलावे कसे, याचे कोणतेही शिक्षण तरुणाला घरात मिळालेले नव्हते. पूर्वी विवाह वडीलधारी मंडळी ठरवीत. प्रेमयाचना करण्याचा प्रसंगच येत नसे. दुसरीकडे शरीरसामर्थ्य, संयम आणि राष्ट्रसेवा यांचा उपदेश करणाऱ्या संस्था गावोगावी निघत होत्या. या दोन शक्तींच्या कचाट्यात सापडलेला तरुण म्हणजे औदुंबर. त्याच्या ब्रह्मचर्यात तत्त्वनिष्ठेपेक्षा घाबरटपणाचा अंश मोठा आहे, हे अत्र्यांनी ओळखले आणि विनायकांनी ते देहबोलीतून दाखविले. १९३७ मधील प्रभातच्या ‘कुंकू’ने जरठबालाविवाहाचा प्रश्न अत्यंत गंभीरपणे मांडला होता. ‘ब्रह्मचारी’ने त्या प्रश्नाची दुसरी बाजू घेतली. जुनी विवाहपद्धती डळमळल्यानंतर तरुणाने करावयाचे काय, हा तिचा प्रश्न होता.

हा प्रश्न केवळ महाराष्ट्राचा नव्हता. जपानमध्ये यासुजिरो ओझू या दिग्दर्शकाने १९३१ मध्ये ‘शुकुजो तो हिगे’ म्हणजे ‘स्त्री आणि दाढी’ हा मूकपट काढला. त्याचा नायक लाकडी तलवारीच्या खेळात निष्णात, जुन्या वळणाचा, दाढीधारी विद्यार्थी आहे. टंकलेखिकेचे काम करणारी एक तरुणी त्याला दाढी काढण्याचा सल्ला देते. तो दाढी काढताच त्याला नोकरी मिळते, आणि ज्या स्त्रिया त्याला हसत होत्या, त्याच त्याच्याकडे आकृष्ट होतात. या दोन चित्रपटांत परस्परसंबंध असल्याचे कोणतेही चिन्ह नाही. पण साम्य अर्थपूर्ण आहे. दोन्हीकडे पुरुषार्थाची जुनी कल्पना व्यायामात आणि बाह्य चिन्हात साठविलेली आहे. दोन्हीकडे नव्या स्त्रीसमोर ती कल्पना हास्यास्पद ठरते. फरकही तितकाच बोलका आहे. ओझूंच्या नायकाचे जुनेपण खरोखरच जुने आहे. औदुंबराचे जुनेपण व्याख्यान ऐकून नव्याने धारण केलेले आहे. वसाहतीत परंपरा हीसुद्धा पुष्कळदा आधुनिक निर्मिती असते, हे या हास्यपटाने कोणताही सिद्धान्त न सांगता दाखविले.

कन्नड वाचकाला या ठिकाणी टी. पी. कैलासम् यांचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. लंडनला भूगर्भशास्त्र शिकून आलेल्या या नाटककाराने इंग्रजीमिश्रित कन्नडमध्ये म्हैसूर संस्थानातील सुशिक्षित मध्यमवर्गाची जी थट्टा केली, तिची जातकुळी अत्र्यांच्या विनोदाशी मिळतीजुळती आहे. त्यांच्या ‘टोळ्ळुगट्टी’ या नाटकात पुस्तकी मुलाचा पोकळपणा आणि साध्या मुलाचे भरीवपण समोरासमोर ठेवलेले आहे. उसन्या विद्येची पोकळी उघडी पाडणे हे कैलासम् यांचे कार्य, तर उसन्या वैराग्याची पोकळी उघडी पाडणे हे अत्रे-विनायकांचे. कैलासम् यांचे माध्यम रंगभूमी होते आणि त्यांचा सगळा भर भाषेवर होता. विनायकांना मात्र चेहरा, चाल आणि नजर यांची जोड घेता आली.

‘ब्रह्मचारी’ गाजला तो आणखी एका कारणाने. मीनाक्षीबाईंनी त्यात पोहण्याच्या पोशाखात एक गीतप्रसंग केला. प्रतिष्ठित घरातील स्त्रीने चित्रपटात काम करणेच जेथे वादग्रस्त होते, तेथे या दृश्याने खळबळ उडावी, यात नवल नाही. टीकाकारांनी त्यास सवंगपणा म्हटले, आणि गल्ल्यावर नजर ठेवूनच ते योजले होते, हेही उघड आहे. परंतु कथेच्या दृष्टीने पाहता त्या दृश्यात पुढाकार स्त्रीचा आहे. संकोचलेला, काठावर उभा असलेला पुरुष आणि निःसंकोच पाण्यात उतरलेली स्त्री ही रचना तत्कालीन चित्रपटातील नेहमीच्या भूमिकावाटपाला उलटी होती. मात्र त्या धैर्याची किंमत दिग्दर्शकापेक्षा अभिनेत्रीला अधिक मोजावी लागली. चर्चा तिच्या अभिनयापेक्षा तिच्या पोशाखाची अधिक झाली आणि पुढेही बराच काळ होत राहिली.

१९३९ मधील ‘ब्रँडीची बाटली’ ही याच धाटणीची पुढची पायरी होय. बगाराम हा नगरपालिकेतील भोळा कारकून. ज्या तरुणीवर त्याचे मूक प्रेम आहे, तिच्या आजारी भावासाठी औषध म्हणून ब्रँडी हवी असते. आणि ब्रँडी म्हणजे काय, हेच या भल्या माणसाला ठाऊक नसते. त्याच वर्षी मुंबई शहरात दारूबंदीचा प्रयोग सुरू झाला, हे लक्षात घेता विषयाची समयोचितता कळून येते. येथे विनायकांनी नायकाची भूमिका स्वतःकडे न ठेवता दामुअण्णा मालवणकरांना दिली. तिरळ्या नजरेच्या, नायकाचे रूप नसलेल्या या विनोदी नटाला प्रियकराच्या जागी उभे करणे ही त्या काळी धाडसाची गोष्ट होती. प्रेम करण्याचा अधिकार देखण्या आणि शूर पुरुषालाच असतो, हा चित्रपटातील रूढ संकेत या निवडीने मोडला.

तथापि विनायकांच्या आधुनिकतेला मर्यादाही होत्या, आणि त्यांचा उल्लेख टाळणे चरित्रकाराला शोभणारे नाही. १९४० च्या ‘अर्धांगी’त अत्रे-विनायकांनी घरंदाज पत्नी आणि पाश्चात्त्य वळणाची सुधारक स्त्री यांचा विरोध उभा केला. त्यात सहानुभूतीचे पारडे पत्नीकडे झुकलेले आहे. पुरुषाच्या ढोंगाची निर्भयपणे टर उडविणारा हा विनोद स्त्रीच्या स्वातंत्र्यापाशी येताच सावध होतो. दोन वर्षांपूर्वीच्या किशोरीला जो मोकळेपणा मिळाला होता, तो विवाहाच्या चौकटीत टिकत नाही. हा अंतर्विरोध एकट्या विनायकांचा मानता येणार नाही. त्या पिढीतील बहुतेक मराठी सुधारकांच्या विचारात तो आढळतो. मात्र विनायकांच्या चित्रपटांत तो अधिक स्पष्ट दिसतो, कारण ते लेखकाच्या भूमिकेला फारसा विरोध न करता ती पडद्यावर आणीत.

याच सुमारास हंस पिक्चर्सचे पर्व संपले आणि नवयुग चित्रपट ही नवी संस्था उभी राहिली. तिच्यासाठी विनायकांनी चिं. वि. जोशी यांचे चिमणराव आणि गुंड्याभाऊ पडद्यावर आणले. ‘लग्न पहावे करून’ (१९४०) आणि ‘सरकारी पाहुणे’ (१९४२) या दोन्ही चित्रपटांत चिमणरावाची भूमिका दामुअण्णा मालवणकरांनी आणि गुंड्याभाऊंची विष्णुपंत जोगांनी केली. बडोद्यास पालीचे अध्यापन करणाऱ्या जोश्यांचा विनोद अत्र्यांसारखा घणाघाती नव्हता. घरगुती अडचणी, नातेवाईक आणि फजिती यांतून तो उमलत असे. विनायकांनी त्याचा वेग वाढविला नाही, की त्याला सभेचे वक्तृत्व दिले नाही. लेखकागणिक हास्याची जात बदलते, हे ओळखण्याइतका वाचक त्यांच्यात जागा होता, याचा हा उत्तम पुरावा आहे.

खांडेकरांशी असलेला त्यांचा संबंधही या काळात अखंड राहिला. ‘देवता’ आणि ‘सुखाचा शोध’ (दोन्ही १९३९) आणि ‘अमृत’ (१९४१) हे चित्रपट त्याची साक्ष देतात. हास्यपटांनी मिळवून द्यावे आणि ध्येयवादी चित्रपटांत ते गुंतवावे, असा काहीसा त्यांचा व्यवहार दिसतो. आपली खरी शक्ती कोठे आहे, याविषयी कलावंताचे मत आणि काळाचे मत यांत पुष्कळदा अंतर पडते. विनायकांची प्रतिष्ठेची कल्पना बहुधा खांडेकरांच्या बाजूची होती. त्यांचे नाव टिकले ते मुख्यतः हास्यपटांमुळे.

नवयुगमध्ये विनायक फार काळ राहिले नाहीत. तेथून बाहेर पडून त्यांनी प्रफुल्ल पिक्चर्स ही स्वतःची संस्था काढली. ‘माझं बाळ’ आणि ‘चिमुकला संसार’ हे तिचे १९४३ मधील चित्रपट, तर ‘गजाभाऊ’ त्यानंतरचा. याच काळात त्यांच्या हातून एक असे कार्य घडले, ज्याचे मोल चित्रपटांच्या यादीत मावत नाही. २४ एप्रिल १९४२ रोजी मास्टर दीनानाथ मंगेशकर निवर्तले. त्यांच्या निराधार झालेल्या कुटुंबाला विनायकांनी आधार दिला आणि थोरल्या लताला आपल्या संस्थेत काम दिले. १९४५ मध्ये संस्था मुंबईस गेली तेव्हा लताबाईही तेथे आल्या. नूरजहाँ नायिका असलेल्या ‘बडी माँ’ (१९४५) या विनायकांच्या हिंदी चित्रपटात लता आणि आशा या दोघी बहिणींनी लहान भूमिका केल्या. पुढील अर्धशतकाचे भारतीय चित्रपटसंगीत ज्या गळ्यावर उभे राहिले, त्याला अडचणीच्या दिवसांत छत्र मिळाले ते या संस्थेत.

मुंबईच्या हिंदी चित्रपटव्यवसायात विनायकांनी ‘सुभद्रा’ आणि ‘जीवनयात्रा’ (दोन्ही १९४६) असे चित्रपट काढले. पण कोल्हापूरच्या मातीत आणि मराठी लेखकांच्या सहवासात फुललेला त्यांचा विनोद या नव्या बाजारात तितकासा रुजला नाही. हा विनोद बोलीवर, जातिवाचक आडनावांवर, नगरपालिकेच्या कचेरीवर आणि चाळीतल्या शेजाऱ्यावर पोसलेला होता. सर्व हिंदुस्थानासाठी काढावयाच्या चित्रपटात या साऱ्या खुणा पुसून टाकाव्या लागत. प्रादेशिक हास्याचे भाषांतर होऊ शकते काय, हा प्रश्न तुलनात्मक साहित्याच्या अभ्यासकाला परिचित आहे. विनायकांच्या अखेरच्या वर्षांत तो एका कलावंताच्या उपजीविकेचा प्रश्न झाला.

१९ ऑगस्ट १९४७ रोजी मुंबई येथे त्यांचे निधन झाले. देश स्वतंत्र होऊन अवघे चार दिवस झाले होते. हाती असलेला ‘मंदिर’ हा चित्रपट अपुरा राहिला. तो दिनकर द. पाटील यांनी पूर्ण केला आणि १९४८ मध्ये तो प्रदर्शित झाला. त्यात बालभूमिका करणारी विनायकांची कन्या पुढे नंदा या नावाने हिंदी चित्रपटाची लोकप्रिय नायिका झाली. पित्याच्या अकाली मृत्यूमुळे बालवयातच तिला कुटुंबासाठी काम करावे लागले. मंगेशकर कुटुंबावर आलेला जो प्रसंग विनायकांनी हलका केला होता, तोच पाच वर्षांनी त्यांच्या स्वतःच्या घरावर ओढवला.

विनायकांच्या कार्याचे मूल्यमापन करताना दोन गोष्टी वेगळ्या काढाव्या लागतात. तंत्राच्या दृष्टीने ते शांतारामांसारखे प्रयोगशील नव्हते. त्यांचा कॅमेरा बहुधा नटांच्या सोयीने उभा असतो, आणि संवादावरील त्यांची भिस्त मोठी आहे. पण त्यांच्या पूर्वी मराठी पडद्यावर देव, राजे, संत आणि वीर यांची वर्दळ होती. कारकून, उमेदवार, लाजाळू विद्यार्थी आणि लग्नाच्या खटपटीत दमलेला गृहस्थ यांना त्या दरबारात मानाची जागा मिळवून दिली ती प्रामुख्याने विनायकांनी. विशेष म्हणजे या माणसांना हसताना त्यांनी त्यांचा तिरस्कार केला नाही. औदुंबराचा पण मोडतो तेव्हा प्रेक्षकाला विजयाचा नव्हे, सुटकेचा आनंद होतो. कारण मोडलेला पण त्याच्या स्वभावाचा नसून त्याच्यावर लादलेला होता.

भारतीय भाषांतील विनोदाचा तौलनिक इतिहास जेव्हा सविस्तर लिहिला जाईल, तेव्हा कैलासम् यांची नाटके, चिं. वि. जोश्यांच्या कथा आणि अत्रे-विनायकांचे चित्रपट ही एकाच सामाजिक स्थित्यंतराची तीन रूपे म्हणून एकत्र वाचावी लागतील. त्यांपैकी नाटके व कथा ग्रंथरूपाने उपलब्ध आहेत. चित्रपटाचे तसे नाही. त्या काळातील फिती ज्वालाग्राही आणि नाशवंत असत, आणि कित्येक मराठी चित्रपट आज केवळ नावापुरते उरले आहेत. म्हणूनच जे उरले आहे, ते साहित्याच्या अभ्यासकाने आपल्या कक्षेबाहेरचे मानू नये. चार मोठ्या लेखकांनी ज्याच्या हाती विश्वासाने आपल्या कथा सोपविल्या, त्या दिग्दर्शकाचे जीवन हा मराठी साहित्याच्याच इतिहासाचा एक भाग आहे.